पाण्याबरोबर जाणारी साखर



ज्या शिक्षकांच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला या गावाने इतकी वर्षे निष्ठेने चालविली आहे, त्यांच्या वर्गात बसण्याचे भाग्य मला तीन वर्षे लाभले होते. आणि आज या व्यासपीठावर उभा राहताना माझ्या डोळ्यांपुढे येतात त्या शाळेच्या प्रयोगशाळेतील लाकडी स्टँडात त्यांनी ओळीने उभ्या केलेल्या पाच परीक्षानळ्या. पहिल्या नळीत पाण्याने पातळ केलेले दूध होते. दुसरीत, चक्का टांगला असता फडक्यातून रात्रभर ठिबकलेले हिरवट पिवळे पाणी. तिसरीत ताकावरची निवळ. चौथीत कोमट पाण्याबरोबर हलविलेले साजूक तूप. आणि पाचवीत घरच्या डब्यातली उसाची साखर विरघळविलेले पाणी. प्रत्येक नळीत त्यांनी बेनेडिक्टचे निळे द्रावण ओतले, पाचही नळ्या उकळत्या पाण्याच्या चंचुपात्रात उभ्या केल्या आणि आम्हांला गप्प राहून पाहावयास सांगितले. थोड्याच वेळात चक्क्याच्या पाण्याची नळी हिरवी झाली, मग पिवळी, मग नारिंगी, आणि शेवटी तिच्या तळाशी विटकरी गाळ बसला. दुधाची व निवळीची नळीही त्याच वाटेने गेली. तुपाच्या नळीत वर पिवळा थर तरंगत राहिला आणि खालचे पाणी होते तसेच निळे राहिले. आणि जिच्यात साखर आहे याविषयी आमच्यापैकी कोणालाच शंका नव्हती, ती पाचवी नळीही निळीच राहिली.

त्या पाचव्या नळीने आम्ही गोंधळून गेलो. उसाच्या साखरेतील दोन घटक एकमेकांना अशा रीतीने जखडलेले असतात की द्रावणातील ताम्राशी व्यवहार करावयास तिच्यापाशी एकही मोकळे टोक उरत नाही, आणि दुधातील साखरेचे एक टोक मोकळे असते, हे त्यांनी फळ्यावर आकृती काढून समजावून दिले. पण त्यांच्या मनातला प्रश्न निराळाच होता. चक्क्याचे पाणी आणि तूप हे दोन्ही जिन्नस एकाच दुधातून निघालेले असताना एकात साखर आहे आणि दुसऱ्यात नाही, तर ती गेली कोठे, असे त्यांनी विचारले, कोणीतरी मागून "पाण्याबरोबर" असे म्हणाले, त्यावर ते म्हणाले, "मग घरी जाऊन स्वयंपाकघरात दुधातले पाणी कोठे कोठे जाते ते पाहून या." तो गृहपाठ मी त्या वेळी केला नाही. पुढे अनेक वर्षांनी तो करण्याची पाळी माझ्यावर जशी आली, तशी ती येऊ नये असेच कोणालाही वाटेल.

माझी आई अठ्ठावन्न वर्षांची असताना एका कोजागिरीच्या रात्री गच्चीवर आटीव मसाला दूध पिऊन आजारी पडली. पोट फुगले, रात्रभर गुरगुरत राहिले आणि सकाळी जुलाब झाले. हा प्रकार त्यापूर्वीही दोनचार वेळा घडला होता, म्हणून ती वैद्यकीय सल्ल्यासाठी गेली आणि "दुधाचे पदार्थ सगळे बंद" एवढेच चार शब्द घेऊन परत आली. आईचा स्वभाव असा की एकदा बंद म्हटले की बंद. तिने दूध सोडले, दही सोडले, ताक सोडले, आणि ज्या बाईने आयुष्यभर घरातल्या प्रत्येकाच्या वरणभातावर स्वतःच्या हाताने तूप वाढले होते तिने स्वतःच्या भातावरचे तूपही सोडले. अकरा वर्षे तिने तो भात कोरडा खाल्ला. मी रसायनशास्त्र शिकलेला, वर्षातून चारदा घरी येणारा, तिच्या पानासमोर बसून जेवणारा मुलगा. आणि त्या अकरा वर्षांत मला एकदाही त्या चौथ्या नळीची आठवण झाली नाही. या गोष्टीची खंत माझ्या मनातून जात नाही, आणि आजचा विषय निवडण्याचे खरे कारण तेच आहे.

दूध हा एकजिनसी दिसणारा परंतु वस्तुतः तीन निरनिराळ्या बिऱ्हाडांचा वाडा आहे. स्निग्धांश सूक्ष्म गोलकांच्या रूपाने त्यात तरंगत असतो. केसीन नावाचे प्रथिन अतिसूक्ष्म पुंजक्यांच्या रूपाने लोंबकळत असते आणि त्यामुळेच दूध पांढरे दिसते. आणि दुग्धशर्करा, जिला आज सर्वजण लॅक्टोज या नावाने ओळखतात, ती पाण्यात पूर्णपणे विरघळलेली असते. ती स्निग्धांशात राहत नाही आणि प्रथिनाला चिकटतही नाही. द्राक्षशर्करा अर्थात ग्लुकोज व गॅलॅक्टोज या दोन लहान शर्करांची ती जोडी. गोडीला उसाच्या साखरेच्या जेमतेम पाचव्या हिश्शाची, म्हणूनच दुधात शेकडा पाच भाग साखर असूनही आपण त्यात आणखी साखर घालून पितो. गायीच्या दुधात ती शेकडा सुमारे ४.७, म्हशीच्या दुधात सुमारे ५, शेळीच्या दुधात सुमारे ४.५ आणि मातेच्या दुधात सुमारे ७ भाग असते. म्हशीचे दूध गायीच्या दुधाहून कितीतरी स्निग्ध, तरी या बाबतीत दोहोंत फरक नाममात्र. आणि याचे कारण मोठे सुंदर आहे. कासेतील पेशींत ही साखर तयार होते आणि तीच रक्तातील पाणी आपल्याकडे ओढून घेते. जितकी साखर तितके पाणी, त्यामुळे दूध कमी येवो वा जास्त, चारा ओला असो वा सुका, साखरेचे पाण्याशी प्रमाण फारसे ढळत नाही. पाण्याशी तिचा ऋणानुबंध असा जन्मापासूनचा आहे.

हे एकदा ध्यानात आले की पुष्कळशा लोकप्रिय समजुतींचा निवाडा आपोआप होतो. दूध पचत नाही म्हणून साय काढलेले दूध घेणाऱ्या माणसाने जे काढून टाकले त्यात साखर नव्हती, आणि जे ठेवले त्यात ती सगळी आहे. दारा खुरोडी यांच्या पुढाकाराने १९४६ साली मुंबईत टोन्ड दूध सुरू झाले. म्हशीच्या स्निग्ध दुधात पाणी आणि साय काढलेल्या दुधाची भुकटी मिसळून तेच दूध अधिक मुलांच्या तोंडी जावे ही त्यामागची तजवीज होती आणि ती फार मोलाची होती. परंतु त्या दुधातील दुग्धशर्करा मूळ दुधाइतकीच राहते, कारण भुकटीच्या रूपाने तिची भरपाई झालेली असते. देशी गायीचे दूध घ्यावे की संकरित गायीचे, हा वाद हल्ली हिरिरीने चालतो. त्यातील ए-टू नावाचा मुद्दा एका प्रथिनाच्या प्रकाराविषयी आहे, साखरेविषयी नाही. शेळीचे दूध हलके, ही समजूत जुनी; गांधीजींनी १९१९ साली मुंबईतील आजारपणात कस्तुरबांच्या सूचनेवरून ते पत्करले खरे, पण ते गायी-म्हशींचे दूध न घेण्याच्या व्रतामुळे, आणि दुग्धशर्करेपुरते पाहिले तर त्या पेल्यात व गायीच्या पेल्यात सांगण्यासारखे अंतर नव्हते.

आता गुरुजींच्या प्रश्नाकडे येतो. स्वयंपाकघरात दुधातले पाणी दोन वाटांनी जाते: गळून, नाहीतर वाफ होऊन. गळून गेले तर ते साखर बरोबर घेऊन जाते. वाफ होऊन गेले तर साखर सगळीच्या सगळी मागे टाकून जाते. दिसावयास दोन्ही ठिकाणी दूध घट्टच झालेले असते, आणि म्हणूनच पनीर आणि खवा ही भावंडे आहेत असे आपल्याला वाटते; पण दुग्धशर्करेच्या खतावणीत त्यांची खाती अगदी विरुद्ध बाजूंना मांडलेली आहेत.

एक लिटर म्हशीचे दूध घेऊन हा जमाखर्च मांडून पाहू. जमेला सुमारे पन्नास ग्रॅम दुग्धशर्करा. हे दूध नासवून, फडक्यात बांधून, वजन ठेवून पनीर केले तर सुमारे दोनशे ग्रॅम पनीर हाती येते. त्यात निम्म्याहून किंचित अधिक पाणी असते, आणि त्या पाण्यात चारपाच ग्रॅम साखर राहते. बाकीची पंचेचाळीस ग्रॅम त्या फिकट पाण्याबरोबर मोरीत जाते. आता तेच लिटरभर दूध लोखंडी कढईत घालून आटविले तर सव्वादोनशे ग्रॅमच्या आसपास खवा निघतो आणि पन्नासच्या पन्नास ग्रॅम साखर त्यात बसलेली असते. म्हणजे शंभर ग्रॅम पनीरात दोन-सव्वादोन ग्रॅम, तर शंभर ग्रॅम खव्यात बावीस ग्रॅम. गायीच्या दुधाच्या खव्यात हे प्रमाण पंचवीसवर जाते. दहापट अंतर आहे हे, आणि ते केवळ पाणी कोणत्या दाराने बाहेर पडले एवढ्यावरून.

खवा करताना ज्यांनी कढईजवळ उभे राहून उलथने फिरविले आहे त्यांनी ही साखर डोळ्यांनी पाहिली आहे, फक्त तिला ओळखले नसेल. दूध उकळून खाली बसते, मग रबडीसारखे होते, मग कढईच्या कडेला खरवड धरू लागते. त्या वेळी हात क्षणभर थांबला की कडेची खरवड आधी बदामी आणि मग तांबूस होते आणि घरभर एक खमंग वास पसरतो. तो वास, तो रंग, साताऱ्याच्या कंदी पेढ्याचा तो तपकिरी खमंगपणा हा सगळा दुग्धशर्करा आणि प्रथिन यांच्या उष्णतेतील संयोगाचा प्रताप आहे. आणि शिळ्या खव्यात किंवा नीट न जमलेल्या आटीव दुधात दाताखाली जी बारीक कचकच लागते, तीही उसाच्या साखरेची नसते. ही दुग्धशर्करा पाण्यात फार विरघळत नाही, म्हणून पाणी कमी पडले की तिचे खडे बांधले जातात. बासुंदी, रबडी, कोजागिरीचे दूध हे सगळे याच मार्गावरचे टप्पे. आईच्या हाती त्या रात्री जो मोठा पेला होता, त्यातील दूध एकतृतीयांश आटविलेले धरले तर दोनशे मिलिलिटरांत पंधरा ग्रॅम साखर झाली, आणि तीही रात्री, जेवणानंतर बराच वेळ गेल्यावर, निखळ दूध म्हणून. सर्वांत टोकाचा जिन्नस म्हणजे दुधाची भुकटी. साय काढलेल्या दुधाच्या भुकटीत निम्मे वजन दुग्धशर्करेचेच असते, आणि चीज-पनीराच्या कारखान्यांतील पाणी सुकवून जी व्हे पावडर करतात तिच्यात शेकडा सत्तरहून अधिक.

या भुकटीविषयी येथे एक गोष्ट सांगितल्यावाचून राहवत नाही. आमच्या लहानपणी परदेशातून आलेल्या भुकटीचे दूध पाण्यात कालवून शाळांतून मुलांना वाटीत असत. योजना उदार होती. अनेक कुपोषित मुलांना तिने आधार दिला. पण माझ्या वर्गात एक मुलगा होता, त्याला ते दूध प्यायल्यावर पोटात कळा येत, आणि तो ते नळापाशी ओतून देताना सापडला म्हणून त्याला सर्वांसमोर उभे करून दोन पेले पाजण्यात आले. दुपारी त्याची जी अवस्था झाली ती मी सांगत नाही. त्याची कैफियत ऐकून घ्यावी असे कोणालाही वाटले नाही, कारण दूध कोणाला बाधू शकते हीच गोष्ट त्या काळी आम्हांला अशक्य वाटे.

पाणी गळण्याची आणि आटण्याची वाट सांगितली. साखर कमी होण्याची तिसरी वाट मात्र पाण्याची नाही, जीवाणूंची आहे. विरजण लावले की दुधातील साखरेवर असंख्य सूक्ष्म जीव तुटून पडतात आणि तिचे लॅक्टिक आम्ल करतात. येथे एका माणसाचे नाव कृतज्ञतेने घेतले पाहिजे. दुधाच्या पाण्यातून ही साखर प्रथम वेगळी काढल्याचे वृत्त फाब्रित्सिओ बार्तोलेत्ती या इटालियन वैद्याच्या नावे १६३३ साली प्रसिद्ध झाले; पण ती साखरच आहे हे १७८० साली दाखवून दिले ते स्वीडनमधील कार्ल विल्हेल्म शेले या औषधविक्रेत्याने, आणि त्याच साली आंबलेल्या दुधातून आम्ल वेगळे काढले तेही त्यानेच. एका लहानशा गावातील औषधांच्या दुकानात बसून त्याने दुधाच्या त्या व्यवहाराची दोन्ही टोके हाती धरली.

दह्याविषयी एक गैरसमज चांगल्या सुशिक्षित घरांतूनही आढळतो तो असा की आंबट दह्यात साखर उरतच नाही. वस्तुस्थिती तशी नाही. जीवाणूंनी तयार केलेले आम्लच त्यांच्या कामाला आवर घालते. दही पुरते आंबट होईपर्यंत मूळ साखरेचा चौथा हिस्सा, फार तर थोडा अधिक, खर्च झालेला असतो, आणि लिटरभर दह्यात पस्तीस ते चाळीस ग्रॅम साखर शिल्लक राहते. मग दुधाने ज्यांना त्रास होतो त्यांतील पुष्कळांना दही का बाधत नाही? १९८४ साली अमेरिकेतील संशोधकांनी याचा छडा लावला. दह्यातील जिवंत जीवाणू स्वतःबरोबर ती साखर फोडणारे विकर घेऊन येतात. जठरातील आम्लातून ते बऱ्याच अंशी सुखरूप उतरतात आणि आपल्या आतड्यात जाऊन आपलेच काम करून देतात. तेवढीच साखर दुधातून आणि दह्यातून दिली असता, पचनातील तूट दाखविणारा श्वासातील हायड्रोजन दह्यानंतर सुमारे एकतृतीयांशच भरला. अर्थात दही जिवंत असावे लागते. त्याची कढी उकळली की जीवाणू मरतात, विकर निकामी होते आणि साखर तेवढीच राहते. कढी पातळ असते म्हणूनच ती बहुतेकांना सोसते.

दही घुसळून त्यात पाणी घातले, लोणी काढले, की ताक. दह्याइतकेच पाणी घातले तर शेकडा दोनच्याही खाली साखर येते. पेलाभर ताकात तीन-साडेतीन ग्रॅम. चरकसंहितेत ग्रहणी आणि अर्श या विकारांत तक्राला जो मान दिला आहे, तो देणाऱ्यांना दुग्धशर्करेचे नाव ठाऊक नव्हते. पण दूध न सोसणाऱ्या पोटाला ताक सोसते हे त्यांनी रुग्णांच्या खाटेजवळ बसून पाहिले असले पाहिजे, आणि त्या निरीक्षणाबद्दल माझ्या मनात नितांत आदर आहे. चक्क्यात पाणी गळून गेल्यामुळे साखर शेकडा दोनतीन भागांवर येते, आणि श्रीखंडात त्याच्या बरोबरीने उसाची साखर पडल्याने ती आणखी निम्मी होते. श्रीखंड जड आहे यात शंका नाही, पण ते दुग्धशर्करेने जड नाही. चेडारसारख्या मुरविलेल्या चीजमध्ये दोन्ही क्रिया घडतात: पाणी दाबून काढलेले असते आणि जे थोडे उरते त्यातील साखर जीवाणू पहिल्या काही आठवड्यांतच फस्त करतात, म्हणून त्यात ती शेकडा अर्ध्या भागाहूनही कमी आढळते. प्रक्रिया केलेल्या चीजच्या वड्यांचे तसे सांगता येत नाही. त्यांत पुढे भुकटी मिसळली असेल तर ती परत आलेली असते. लोण्यात पाणीच शेकडा सोळा भागांच्या आसपास, तेव्हा साखर एका भागाच्याही आत. आणि लोणी कढविताना ते पाणी कडकडून उडून जाते, उरलेली चिमूटभर साखर प्रथिनासह तळाशी जाऊन तांबूस बेरी होते, आणि वर जे स्वच्छ सोनेरी तूप राहते त्यात दुग्धशर्करा व्यवहारतः शून्य. चौथी नळी निळी राहिली ती त्यामुळे.

चीक हाही येथे आठवावा असा पदार्थ. गाय व्याल्यावर पहिल्या धारेचे जे दाट पिवळे दूध येते त्यात प्रथिने अतोनात असतात आणि साखर नेहमीच्या दुधाच्या जवळजवळ निम्मी. पुढच्या दिवसांत ती चढत जाऊन मूळ पदावर येते. खरवस आपण गूळ घालून गोड करतो, आणि बहुधा चिकात दूध मिसळतो, म्हणून वाटीतील हिशेब घरोघर निराळा पडतो. आणि केवळ पांढऱ्या रंगावरून कोणाला दोषी धरू नये हेही सांगितले पाहिजे: कोकणात व गोमंतकात ज्या नारळाच्या रसात आमटी, हुमण, सोलकढी शिजते अथवा कालविली जाते, त्यात दुग्धशर्करेचा लवलेश नाही, ती केवळ सस्तन प्राण्यांच्या दुधातच असते, आणि समुद्रसिंहासारख्या काही सागरी सस्तनांच्या दुधात तर तीही जवळजवळ नसते.

ही साखर कोणाला बाधते, हे आता थोडक्यात. लहान आतड्याच्या अस्तरावर लॅक्टेज नावाचे विकर असते, ते या जोडशर्करेचे दोन तुकडे करते आणि तेव्हाच ती रक्तात जाऊ शकते. बहुतेक सस्तनांप्रमाणे बहुतेक माणसांतही अंगावरचे दूध तुटल्यानंतर हे विकर हळूहळू कमी होत जाते; जगातील सुमारे दोनतृतीयांश प्रौढांची हीच स्थिती आहे, तेव्हा तिला रोग म्हणणे न्यायाचे नाही. फोडली न गेलेली साखर मोठ्या आतड्यात उतरते, पाणी ओढून घेते, तेथील जीवाणू तिच्यापासून वायू तयार करतात आणि पोट फुगते, गुरगुरते, ढाळ होतात. ज्यांच्यात विकर आयुष्यभर टिकते त्यांच्या जनुकीय लिपीतील एक अक्षर बदललेले आहे, हे २००२ साली फिनलंडमधील संशोधकांनी दाखविले. पूर्व आफ्रिकेतील पशुपालकांत त्याच फळाला पोहोचलेले निराळे बदल २००७ साली सापडले. आणि भारतात आढळणारा मुख्य बदल युरोपातल्यासारखाच, एकाच मुळातून आलेला आहे, हे २०१२ मध्ये स्पष्ट झाले. वायव्येकडे आणि गुरे पाळणाऱ्या समाजांत तो अधिक, दक्षिणेकडे व पूर्वेकडे कमी. महाराष्ट्र या दोहोंच्या मधोमध बसला आहे, म्हणून येथे एकाच पंक्तीत, एकाच घरात, दोन्ही प्रकारची माणसे शेजारी शेजारी जेवतात आणि एकाला दुसऱ्याचे दुःख समजत नाही. मोठ्या अतिसारानंतर आतड्याचे अस्तर सोलवटले तर काही आठवडे कोणालाही हा त्रास होऊ शकतो, ही गोष्टही आजाऱ्याच्या उशाशी दुधाचा पेला ठेवणाऱ्यांनी ध्यानात घ्यावी.

परंतु विकर कमी म्हणजे दूध विष, असे मुळीच नाही. एका वेळी बारा ग्रॅमपर्यंत, म्हणजे कपभर दुधातील, दुग्धशर्करा अशा बहुतेक माणसांना विशेष त्रासावाचून सोसते, आणि जेवणाबरोबर घेतली तर अधिक सोसते, हे अनेक प्रयोगांतून दिसून आलेले आहे. चहात आपण पन्नास मिलिलिटर दूध घालतो, ती झाली अडीच ग्रॅम. देवळातील पेढा वीस ग्रॅमचा धरला आणि त्यात तिसरा हिस्सा उसाची साखर धरली तर दुग्धशर्करा तीन ग्रॅम. आई दर गुरुवारी दत्ताच्या देवळातील पेढा मात्र घेत असे आणि तो तिला कधी बाधला नाही. प्रसाद बाधत नाही असे ती म्हणे, आणि तिच्या त्या म्हणण्याला धक्का लागावा अशी माझी इच्छा नाही. औषधाच्या गोळ्यांत भराव म्हणून, आणि होमिओपॅथीच्या पुड्यांत, हीच साखर असते, पण ती ग्रॅमच्या अंशांत. उलट बिस्किटे, पाव, दुधाचे चॉकलेट, आइस्क्रीम, तयार सूप, इतकेच काय मसालेदार वेफर्स यांवरील तपशिलात "मिल्क सॉलिड्स" किंवा "व्हे पावडर" हे शब्द दिसले तर ते वाचावेत. एकेकट्या जिन्नसात थोडी असली तरी दिवसाअखेरीस बेरीज होते. आणि एक सावधगिरी मी कटाक्षाने सांगतो: ज्यांना, विशेषतः ज्या लहान मुलांना, दुधातील प्रथिनांची अॅलर्जी असते, त्यांचा मामला सर्वस्वी निराळा आहे, अंगावर गांधी उठणे, ओठ सुजणे, धाप लागणे ही लक्षणे साखरेची नव्हेत, आणि अशांनी माझ्या या हिशेबावर विसंबून ताक-पनीराच्या वाटेला जाऊ नये, वैद्यांनाच विचारावे.

आई सत्तरीच्या उंबरठ्यावर असताना मनगटाचे हाड मोडून घरी बसली, आणि तिच्या आहारात चुन्याचा अंश किती हे विचारताना मला तो कोरडा भात प्रथमच खऱ्या अर्थाने दिसला. त्या आठवड्यात मी आज आपल्यापुढे मांडला तोच जमाखर्च एका वहीत मांडून तिच्याजवळ बसलो. तिने तो शांतपणे ऐकला आणि विचारले, "म्हणजे तूप चाललं असतं?" मी होय म्हणालो. ती पुढे काही बोलली नाही.

दुसऱ्या दिवशी तिने, एक हात गळ्यात असताना, दुसऱ्या हाताने स्वतः लोणी कढविले. बेरी साखर घालून माझ्या मुलीला दिली, आणि जेवताना वरणभातावर तूप वाढून घेतले. पंधरा दिवसांनी दुपारच्या जेवणात ताक आले, मग अर्धी वाटी दही, मग पनीर, जे तिने पूर्वी कधी घरात आणले नव्हते आणि तिला ते विशेष आवडलेही नाही. यांतले काहीही बाधले नाही. त्या वर्षीच्या कोजागिरीला ती आमच्याबरोबर गच्चीवर आली. दुधाच्या पेल्यात तिने चंद्र पाहिला, चमचाभर चाखले, आणि पेला माझ्या मुलीच्या हाती दिला.